फळीवरचा शेवटचा माणूस

माझा पाट, म्हणजे दुसरं लग्न, चार दिवसांवर आला होता, आणि ज्याच्याशी तो लागायचा तो भिवा भर सकाळी आमच्या खळ्यात येऊन उभा राहिला. आये चटईवर सुंगटं, म्हणजे कोळंबी, वाळत घालत होती आणि मी कावळे हाकत होते. होणाऱ्या नवऱ्यानं असं न बोलावता दारात यायची आमच्यात रीत नाही, मग लग्न पहिलं असो की दुसरं. मी पदर ओढून माडाच्या आड झाले. आड झाले म्हणजे नुसती नजरेआड. कान दोन्ही खळ्यातच होते.

"काकी, तुका एक सांगूचा असा," भिवा म्हणाला. "राग मानू नको."

"हुंडो मागू नको म्हणजे झाला," आये म्हणाली. "व्हयी तर टोपलीभर सुंगटां घेवन जा."

आये म्हणजे माझी सासू, मथुरा. थट्टेशिवाय तिचं वाक्य पुरं होत नसे. भिवा मात्र हसला नाही. हातातलं मुंडासं त्यानं एकदा सोडलं, एकदा गुंडाळलं.

"बाजारात सिनेमाचो तंबू इलो असा मां. काल मी थंय गेल्लंय. एका गोऱ्याची गंमत दाखयतत. तेच्यात धक्क्यावरचे खलाशी असत, फळयेवरसून बोटीर चढतत. सगळ्यात मागचो जो असा..." त्यानं माडाकडे बघितलं आणि नजर लगेच खाली घेतली. "तो माका पुरशासारखो दिसलो."

आये सुंगटं पसरत राहिली.

"पुरसो कसो दिसता ता तुका याद असा?"

"एकाच होडयेर वाढलंव आमी, काकी."

पुरसो आयेचा एकुलता एक मुलगा आणि माझा नवरा. त्याचं माझं लग्न झालं तेव्हा मी जेमतेम चौदाची. होड्या किनाऱ्याला ओढून ठेवलेल्या असतात ते पावसाळ्याचे महिने तो घरात राहिला, नारळी पुनव झाली तसा मुंबईला गेला आणि तिथून विलायतेच्या पलीकडे जाणाऱ्या बोटीवर खलाशी म्हणून चढला. त्यानंतर सहा-सात वर्षांत त्याचा निरोप नाही, बातमी नाही, काही नाही. शेवटी पंचांनीच सांगितलं की आता पुरे, पोरीचा पाट लावा. आणि माझ्यासाठी भिवाचं स्थळ शोधून आणलं ते खुद्द आयेनं. सासू सुनेचं लग्न लावते आहे हे बघून वेंगुर्ल्यानं तोंडात बोटं घातली.

पण आयेला त्यातलं कळत होतं. ज्याचं जळतं त्यालाच कळतं म्हणतात तसं. पुरसो पोटात असताना तिचा स्वतःचा नवरा मासेमारीला गेला तो परत आला नाही. आला नाही, पण मेलाही नाही, कारण दर वर्षी त्याला कुणीतरी कुठंतरी बघितलेलं असे. एकदा गोव्यात दारूच्या पिठ्यावर, एकदा कराचीच्या गोदीत, एकदा तर थेट गिरनारच्या गोसाव्यांत. प्रत्येक बातमीसरशी आये आणखी एक-दोन वर्षं थांबायची. थांबता थांबता केस पांढरे झाले, आणि मग पाटासाठी विचारणारा कुणी उरला नाही. हे तिनं मला कधी रडून सांगितलं नाही. मासे खारवता खारवता हसत सांगायची, "गिरनारापर्यंत गेलो गो माझो घोव, पण घराची वाट काय तेका गावाक नाय."

आणि आता भिवानं तसलीच बातमी आणली होती. मला त्याचा असा संताप आला की माडावर डोकं आपटावं. त्याला कोणी विचारलं होतं? तंबूत दुसऱ्या कुणीही पुरशाला ओळखलं नव्हतं. हा गप्प बसला असता तर चार दिवसांनी मी त्याच्या घरात चूल पेटवली असती. हात दाखवून अवलक्षण ते हेच.

"मगे आता?" आयेनं विचारलं.

"पंचांच्या कानार घालूया. उद्या कोणी म्हणाक नको, भिवान बघलां आणि लपयलां." मग आवाज उतरवून तो म्हणाला, "आणि माकाच घरात नीज लागाची नाय, काकी."

तो गेल्यावर मी माडाआडून बाहेर आले. माझा संताप विरला होता, आणि त्यानं तर पंचाईत आणखीच वाढली. भिवाची पहिली बायको बाळंतपणात गेलेली. लहानग्या पोरीला, तुळशीला, खांद्यावर बसवून तो बाजारात यायचा, मासे विकता विकता तिला भरवायचा. ते बघून बघून तो मला आवडला होता. आता खरं बोलायला आला म्हणून जास्तच आवडला. विसाव्या वर्षी बाईला कुणी आवडू नये असा काही कायदा नाही.

दुपारपर्यंत सगळ्या वाड्यावर बातमी झाली. तांडेलबाबा आमच्या पंचांतले वडीलधारे. वादळात होडी हाकावी तसे ते न्याय करायचे, एकदा वल्हं धरलं की धरलं. ते म्हणाले, "दिसलो म्हणजे जितो असा. जितो असलो तर तेची बायल तेची. पण तो तोच काय, ता आवशीन सांगूचा." आवस म्हणजे आई, म्हणजे निवाडा आयेवर आला.

आज हे ऐकून कुणी हसेल. ती चित्रं किती जुनी होती, कुठल्या साली काढलेली होती, किती गावं फिरून आमच्याकडे आली होती, हे आम्हाला ठाऊक नव्हतं. पडद्यावर जो पळतो आहे तो या घटकेला कुठंतरी पळतोच आहे असं आम्ही धरून चाललो होतो. मेलेला माणूससुद्धा पडद्यावर हसू शकतो, हे आमच्यातल्या कुणाच्या डोक्यात आलं नाही. पुरशाचं पुढं काय झालं ते तर मला आजतागायत कळलेलं नाही.

मला कुणी काही विचारलं नाही, आणि विचारून उपयोगही नव्हता. पुरशाचा चेहरा मला आठवत नव्हता. चौदा वर्षांची नवी सून, घरात एक मिणमिणती चिमणी, आणि मान वर करायची नाही अशी माहेरच्या आईची ताकीद. खाली बघून बघून त्याचे पाय मात्र मला पक्के पाठ झाले होते. आणि भिवानं सांगितलं होतं की पडद्यावरच्या माणसाच्या पायांत बूट आहेत.

दिवेलागणीला आम्ही तंबूत गेलो. पंच आणि भिवा पुरुषांच्या बाजूला, आम्ही दोघी कनातीच्या अलीकडे बायकांत. पुढं एक पांढरा पडदा, त्याच्या एका अंगाला पेटीवाला आणि तबलजी, दुसऱ्या अंगाला हातात वेताची छडी घेऊन दौलू मास्तर. हा मास्तर कोल्हापूरकडचा. चित्रं मुकी, मधूनमधून इंग्रजी अक्षरं यायची, ती कुणाला वाचता येत होती? तेव्हा पडद्यावरच्या गोऱ्यांचं सगळं बोलणं हा मास्तर मराठीत बोलायचा. बाईचं बारीक आवाजात, फौजदाराचं जाड्या आवाजात. पडद्यावरच्या त्या बारक्या, तोकड्या विजारीच्या माणसाचं त्यानं नाव ठेवलं होतं काडीराव.

आणि काय सांगू, मला हसू आलं. एवढं सगळं टांगणीला लागलेलं असताना मी हसले. काडीराव शिडी खांद्यावर घेऊन वळला की मागचा फौजदार आडवा. फौजदार उठला की काडीराव त्याला सलाम करायला वळायचा, की फौजदार पुन्हा आडवा. मास्तर फौजदाराच्या आवाजात ओरडायचा, "अरं शिडीच्या भावा, तू सलाम करू नगंस, शिव्या दे!" शेजारची बाई हसून हसून माझ्या मांडीवर पडली. मी बघितलं, आये हसत नव्हती. एरवी न हसण्याची बाब असली तरी हसणारी बाई, त्या दिवशी देवळात बसावं तशी बसली होती.

मग धक्का आला. मोठ्ठी बोट, तिला लावलेली लांब फळी, आणि पाठीवर पोती घेऊन वर चढणारे खलाशी. गोरे, काळे, चिनी. काडीराव पळत पळत त्या फळीवर चढला, फौजदार दिसताच शिडीसकट गर्रकन वळला, आणि शिडीच्या टोकानं एकेक खलाशी पोत्यासह खाली. सगळ्यात मागचा एक होता. सावळा, काटकुळा, कुरळ्या केसांचा. शिडी कमरेत बसली तसा तो खालच्या चिखलात उताणा पडला. मग उठला, तोंडावरचा चिखल पुसला, नीट आमच्याकडे बघून हसला आणि काहीतरी बोलला. पापणी लवते न लवते तोच काडीराव त्याच्यापुढून पळत गेला आणि सगळा धक्काच निघून गेला.

मास्तरनं त्याच्या तोंडात शब्द घातले, "अगं आई गं, माझी कंबर! आता बायकोला काय तोंड दाखवू?"

सगळा तंबू खदखदला. आणि मग, ज्यांना ज्यांना ठाऊक होतं त्यांनी त्यांनी हसता हसता माझ्याकडे मान वळवली. धरणी दुभंगेल तर बरं असं झालं मला.

खेळ संपला, माणसं पांगली. तांडेलबाबांनी मास्तरला गाठलं. सगळी हकिगत सांगून विचारलं, "तो माणूस खरोखर काय म्हणालो?"

मास्तर ओशाळला. "मला काय ठावं, बाबा? त्याची जीभ हलती, मी माझी हलवतो. काल त्यो 'कुनी च्या पाजा' म्हनाला हुता."

"म्हणजे तेचो आवाज खंयच नाय?" आयेनं विचारलं. इतक्या वेळात ती पहिल्यांदा बोलली.

"कुठंच न्हाई, आजी."

आमची अर्धी माणसं धरून चालली होती की मास्तरला गोऱ्यांची बोली कळते. त्यांचे चेहरे पडले. तांडेलबाबा म्हणाले, मग तेवढाच भाग पुन्हा दाखवा. मशीनवाल्यानं कुरकुरत फीत उलटी गुंडाळली. पेटीवाला आणि तबलजी जेवायला गेले होते, आणि मास्तर छडी बगलेत मारून गप्प उभा राहिला. रिकाम्या तंबूत नुसतं मशीन खडखडत होतं. काडीराव पळाला, फौजदार पडला, शिडी फिरली, आणि कुणीच हसलं नाही. तीच गंमत होती, पण त्या शांततेत एका माणसाला दुसऱ्या माणसानं ढकललं एवढंच दिसत होतं. सावळा खलाशी पडला, उठला, हसला, बोलला, गेला.

मी पडद्याकडे कमी आणि आयेकडे जास्त बघत होते. माझं सगळं आयुष्य तिच्या एका शब्दावर येऊन ठेपलं होतं. हो म्हणाली तर मी तिच्या खळ्यात कावळे हाकत म्हातारी होणार होते, तिच्यासारखीच. आणि हो म्हणाली तर तिला मुलगा मिळणार होता. कुठली आई नाही म्हणेल?

"आणखी एकदा दाखवक सांगू?" तांडेलबाबांनी विचारलं.

"नको."

"मगे? पुरसो मां?"

"न्हय," आये म्हणाली.

"मथुरे, नीट बघलंस?"

"मी जल्माक घातलंय तेका, तांडेलबाबा. ही चाल तेची न्हय. माझ्या झिलाची चाल मी काळोखात वळखीन. ह्यो कोणतरी दुसऱ्याच बायलेचो." मग ती भिवाकडे वळली. "आणि तू रे? आतापासूनच नजर गेली तुझी? होडयेर काय बघतलस? आंधळ्याच्या गळ्यात सून बांधूक नाय हां मी."

सगळे हसले. तंबूत कोंडलेला वारा सुटल्यासारखं झालं. तांडेलबाबांनी पाट ठरल्या दिवशीच लावायचा असं जाहीर केलं आणि विडी पेटवली. भिवा तेवढा हसला नाही. तो आयेकडे बघत राहिला, आणि जाता जाता खाली वाकून तिच्या पाया पडला. मला वाटलं, गैरसमज करून दिला म्हणून माफी मागत असेल.

घरी येताना आमच्या हातात कंदील होता आणि आये भराभर चालत होती.

"आये, खरांच न्हय मां तो?"

"तुझो घोव आपल्या बापाशीक शोधूक गिरनारार गेलो असतलो," ती म्हणाली. "चल बिगीन, सुंगटां खळ्यातच रवली."

मी हसले. मला इतकं हलकं वाटलं की काय सांगू. त्या रात्री मी गाढ झोपले.

आमच्यात पाट लागतो तो तिन्हीसांजेला, गावाबाहेर, वाजंत्री न लावता. सवाष्णींनी त्या बाईचं तोंड बघायचं नाही, म्हणून कुणी येतही नाही. पुरशाच्या नावाचे काळे मणी माझ्या गळ्यातून आयेनंच काढले. दोरा जुना होता, पण तो तिनं तोडला नाही. बराच वेळ खपून गाठ सोडवली आणि मणी आपल्या कनवटीला लावले. पाट लागलेल्या बाईनं पहिल्या घराचा उंबरा पुन्हा चढायचा नाही, हीसुद्धा रीत. पाणंदीच्या तोंडापर्यंत ती मला पोचवायला आली.

"आता माका आये म्हणू नको," ती म्हणाली. "लोकांका बरां दिसाचा नाय."

"मगे काय म्हणू?"

"काय म्हणू नको. बाजारात भेटलंस तर हस."

मला रडू कोसळलं. ती रडली नाही. "खुळी काय गो? नव्या घरात रडान जातत?" असं म्हणून तिनं पाठीवर एक धपाटा घातला आणि वळली.

भिवाचं घर निवतीला. तिथं मी रमले. तुळशी पहिले एक-दोन दिवस लांबून बघायची, मग पदराला धरून हिंडायला लागली. मला घर होतं, माणूस होता, पोर होती. संध्याकाळी होड्या परतताना दिसल्या की मी वाट बघायची, आणि ज्याची बघायची तो यायचा. इतकी साधी गोष्ट, पण मला तिची सवय व्हायला वेळ लागला. आयेची आठवण आली की मी भिवाला सांगायची, आणि तो बाजाराला जाताना तिच्यासाठी चांगला बांगडा वेगळा काढून न्यायचा. पण सिनेमाचा विषय त्यानं घरात कधी काढला नाही.

तंबू हलायचा झाला तेव्हा तुळशीनं हट्ट धरला. काडीरावाचं नाव निवतीपर्यंत पोचलं होतं. भिवा म्हणाला, तुम्ही दोघी बघा, मी होडीचं सामान घेतो आणि बाहेर थांबतो. मी म्हटलं, "तुमीय येवा की." तो म्हणाला, "मी बघलंय."

दारावर दौलू मास्तरच उभा होता. त्यानं मला ओळखलं.

"या, या. तुमच्या सासूबाई आत हायत, अगदी म्होरं. रोज येत्यात बघा. काडीरावावर लई जीव बसलाय आजीचा. पन हसत्यात म्हनाल तर एक दिवस न्हाई."

मला नवल वाटलं. आये रोज सिनेमाला? आत गेले तर ती खरंच पडद्यापुढं जमिनीवर बसली होती, पोरंटोरं बसतात तिथं. तिच्या पाठीमागे जागा करून मी तुळशीला मांडीवर घेतलं. हाक मारावीशी वाटली, पण काय म्हणून मारणार? तिचं लक्ष नव्हतं.

खेळ सुरू झाला. मास्तर रंगात होता. शिडी फिरली, फौजदार पडला, तुळशी टाळ्या पिटत होती. मग धक्का आला, बोट आली, फळी आली. आणि मास्तर एकदम बोलायचा थांबला. छडी खाली करून, मान वळवून तो चक्क कनातीकडे बघत राहिला.

"मास्तर, निजलस काय रे?" मागून कुणीतरी ओरडलं.

एकेक खलाशी पडत गेला. शेवटी तो सावळा, कुरळ्या केसांचा माणूस शिडी लागून चिखलात उताणा पडला, आणि तंबू हसला.

आये पुढं झुकली आणि तिनं समोरची जमीन तळव्यानं मारली. एकदा, दोनदा, जोरात.

पोर धडपडलं, रडायला लागलं की आपण काय करतो? भुईला मारतो. हात गो भुये, माझ्या बाबाक पाडलंस? असं म्हणतो, आणि पोर रडायचं थांबतं. तेच करत होती ती. तुळशीला तो खेळ ओळखीचा. ती माझ्या मांडीवरून उतरली आणि आपल्या इवल्या हातानं आयेशेजारची जमीन बडवायला लागली.

"भुयेक माल," तुळशी म्हणाली.

आयेनं चमकून वळून बघितलं. आधी पोरीला, मग मला. पडद्याचा उजेड तिच्या तोंडावर हलत होता, आणि ते तोंड आसवांनी भिजलेलं होतं. त्या दिवशी रिकाम्या तंबूत तिनं काय केलं होतं ते मला तेव्हा कळलं, आणि मास्तर का थांबला तेही.

"आये," मी म्हटलं.

"म्हणू नको म्हणान सांगलंय मां तुका?"

"तो पुरसोच मां गो?"

तुळशीचा मातीनं भरलेला हात तिनं आपल्या लुगड्यानं पुसला.

"आये, तोच मां? मगे न्हय कित्याक म्हणालंस? तुझो झील तो."

"हळू उलय," ती म्हणाली. "पडलो, पण उठलो बघलंस? लागूक नाय तेका. हसता असा." मग पुन्हा पडद्याकडे बघत म्हणाली, "उद्या तंबू काडतत. मगे खंय नेतत कोण जाणा."

मी तिचा हात धरला. मला खूप काही बोलायचं होतं. घरी चल म्हणायचं होतं, मी परत येते म्हणायचं होतं, आणि त्यातलं काहीच आता करता येणार नव्हतं. मला रडताना बघून तिनं हात सोडवून घेतला आणि तुळशीला उचलून माझ्या मांडीवर ठेवलं.

"खुळ्यासारखी रडा नको. वाट बघूक घरात एक बायल पुरे," आये म्हणाली. "दोघी कित्याक? जा, तुझो घोव भायर उभो असतलो."

मास्तरनं पुन्हा फौजदाराच्या आवाजात बोलायला सुरुवात केली. मी पोरीला घेऊन बाहेर आले. भिवा उभा होता.